देव घासणारी बाई

मलकपेठ, हैदराबाद
ता. ९ फेब्रुवारी १९९८

चि. सौ. इंदूस कौसाचे आशीर्वाद.

पत्राच्या माथ्यावर ‘श्री’ नाही, हे तू आधी बघशील आणि मग पुढचं वाचशील. विसरले नाही. मी कधीच लिहीत नव्हते. मालक होते तेव्हा माझं पत्र पेटीत टाकायच्या आधी तेच हळूच ‘श्री’ लिहून टाकायचे. आता ते नाहीत, तर कागद जसा आहे तसा आला.

आठ वर्षांनी तुझं पत्र. पोस्टमन फाटकातूनच ओरडला, “अम्मा, उदगीर से चिट्ठी!” मला वाटलं, कोण गेलं. उघडलं तर तुझ्या शिवराजचं लग्न. चांगलं झालं. जरा उशीरच केलात, पण पोरगी समजूतदार आहे म्हणतेस, तर तुझ्या हाताखाली टिकेल.

पत्राच्या अकरा ओळी. त्यातल्या सात देवांवर. “घराण्याचे टाक पाठवून द्यावेत. वैशाखात लग्न, गोंधळाला देव मांडावे लागतील. येणारं-जाणारं बघून कुणाजवळ तरी द्या.” म्हणजे देवांना आमंत्रण, आणि मी त्यांची हमाल. तीही फक्त बसस्टँडपर्यंत.

आता स्पष्टच बोलते. मालकांच्या तेराव्याला चाळीस पानांच्या पंगतीत धाकटी जाऊ असून तू म्हणालीस, “ह्या बाईच्या घरात देव उपाशी मरतील.” खोटं नव्हतं. मी देव मानत नाही हे लग्नाच्या दुसऱ्या वर्षी सगळ्या घराला कळलं होतं. पण खरं असलं म्हणून पंगतीत बोलतात का? वरण वाढायचं सोडून लोक माझ्या तोंडाकडे बघायला लागले. त्या दिवशी ठरवलं, ते तळहाताएवढे चार चांदीचे पत्रे हिला द्यायचे नाहीत. खंडोबा, भवानी, बहिरोबा आणि तुमच्या घराण्यातला लढाईत पडलेला तो वीर, चौघंही इथंच राहतील. देव थोरल्या घरी राहतात ही रीत तुमचीच. मी नास्तिक असून पाळली.

शिवराज तीन वर्षं माझ्याकडे राहून पॉलिटेक्निक शिकला. मला मोठी आई म्हणतो. त्याच्या लग्नाला मी येणार. देव येतील तर माझ्याबरोबर येतील. तू बोलाव, की आम्ही पाचजणं बसमध्ये बसलोच. हात जोडणार नाही, तेवढं आधीच सांगून ठेवते.

देव मजेत आहेत.

कौसा

*

मलकपेठ
ता. २ मार्च

इंदूस आशीर्वाद.

तू विचारतेस, “देव रोज पूजेत आहेत का? खरं सांगा.” आहेत. दोन्ही वेळा. हळद, कुंकू, उदबत्ती, रविवारी वरणभाताचा नैवेद्य. तुझ्या देव्हाऱ्यात नसेल एवढा थाट आहे. ह्यात एक अक्षर खोटं नाही.

मला बोलावण्याबद्दल मात्र तू काहीच लिहिलं नाहीस. “आधी देवांचं बघू” म्हणे. बघ.

इकडचं म्हणशील तर बरं चाललंय. अरविंदनं केबल घेतलं. माझ्या लेकाला वाटलं, आई दिवसभर घरात असते, करमेल. आता सकाळी सहापासून पाच चॅनेलांवर पाच बाबा बोलतात. पूर्वी कीर्तन ऐकायला देवळात जावं लागायचं, म्हणून मला चुकवता यायचं.

खालच्या मजल्यावर नवीन बिऱ्हाड आलंय. बाई हळदीकुंकवाला बोलवायला आली, मग माझं कपाळ बघून गडबडली. मी म्हटलं, “तसंही मी आले नसते, मी देव मानत नाही.” ती दोन पावलं मागं सरकली. “मग तुम्ही किरिस्ताव?” नाही. “मुसलमान?” नाही. कोपऱ्यावरचा दूधवाला रहीमभाई तिथंच उभा होता. तो बिचारा आशेनं म्हणाला, “अम्मा, अल्लाह को बी नहीं मानते?” मी म्हटलं, “नक्को भाई, किसी कोच नहीं. मेरे पास सब के वास्ते एक हिसाब.” त्याला बरं वाटलं. निदान भेदभाव नाही म्हणाला.

उद्या कुकटपल्लीला जाऊन येते. थोडं काम आहे.

कौसा

*

मलकपेठ
ता. १६ मार्च

इंदू,

हे पत्र बसून वाच. नामदेवलाही ऐकव. दीर म्हणून त्याचा हक्क आहे. पण मोठ्यानं वाचताना माझ्या शिव्या गाळ.

देव माझ्याकडे नव्हते. आठ वर्षं नव्हते.

तेराव्याला तुम्ही गेलात आणि घर रिकामं झालं. मी स्वयंपाक करायला लागले तर तुझं ते वाक्य डोक्यात. मी मानत नाही हे खरं. पण मालकांनी सगळा जन्म ज्यांना जेवू घातल्याशिवाय घास घेतला नाही, त्यांची ती चौकडी माझ्यापायी उपाशी आहे असं कुणाला म्हणायला नको. मला पूजा करणं जमणार नव्हतं. खोटी खोटी करणं तर त्याहून जमणार नव्हतं. आपली शेजारीण सत्यवती, तेलंगी, तुला आठवत असेल, हसली की सगळी गल्ली ऐकायची ती. तिच्याकडे आधीच सतरा देव होते. म्हटलं, चार अजून काय जड आहेत. ताटलीत घालून दिले. तिनं खंडोबाला बघितलं आणि ओरडली, “अरे, ये तो हमारे मल्लन्ना!” त्यांचा मल्लन्ना म्हणजे आपला खंडोबाच म्हणे. तुमचे देव गाव बदललं की नाव बदलतात, मला ठाऊक नव्हतं.

चार वर्षांपूर्वी तिच्या पोराला कुकटपल्लीत कंपनीत काम लागलं आणि ती तिकडे राहायला गेली. देव घेऊन. मी अडवलं नाही. तुला सांगितलंही नाही, कारण तू म्हणाली असतीस, बघा, मी म्हटलंच होतं. आता म्हण.

तर गेले. दोन बसा बदलून. सत्यवतीनं दारातच मिठी मारली, मुगाचा पेसरट्टू खायला घातला आणि मी कामाचं बोलले तशी हातातली वाटी खाली ठेवली.

“अम्मा, मेरे मल्लन्ना को कायकू लेके जाते? मेरे बच्चे को नौकरी उनोच दिये.”

मी म्हटलं, “तुझ्या पोराला नोकरी त्याच्या डिप्लोम्यानं दिली. लग्न आहे, घराण्याचे देव लागतात.”

“मैं नहीं देती. उन से पूछो. उनो हौ बोले तो लेके जाव.”

म्हणजे कौल. तुमच्यासारखंच. देवाला टेकून उभं करायचं, डोक्यावर फूल ठेवायचं. उजवीकडे पडलं तर हो, डावीकडे पडलं तर नाही, पडलंच नाही तर देवाला विचार करायचा आहे. मला हसू आलं, पण घर तिचं, रीत तिची. फक्त एक केलं. उठून पंखा बंद केला. पंख्याचा वारा माझ्या डावीकडून येत होता, फूल उजवीकडेच उडालं असतं. असला कौल मला नको होता. सत्यवती म्हणाली, “तुम तो मानतेच नहीं, फिर पंखा कायकू बंद किये?” मी म्हटलं, “तू मानतेस ना. मग नीट होऊ दे.”

तिनं मोगऱ्याचं फूल ठेवलं. हात काढला न काढला तोच फूल उजवीकडे खाली. सत्यवतीच्या डोळ्याला धार. “उनो जाते बोले!”

मला मात्र चैन पडेना. इंदू, आपल्या खंडोबाच्या डोक्यावर फूल सकाळी ठेवलं तर संध्याकाळपर्यंत राहायचं. त्याच्या पगडीला पुढे एक काठ होता, फूल त्यात अडकायचं. मालकांनी दोनदा कौल लावला, दोन्ही वेळा देव विचारच करत बसला होता. आज एवढी घाई कसली?

म्हणून पत्रा हातात घेऊन खिडकीशी गेले.

पगडी नाही. काठ नाही. तोंड नाही. नुसता चकचकीत चांदीचा तुकडा, त्यात माझंच नाक दिसलं. बाकीचे तिघं उचलले. भवानीचे हात गेलेले. बहिरोबाच्या मिशा गेल्या. दोन घोडे कसेबसे ओळखू येत होते, पण खंडोबाचा कुठला आणि वीराचा कुठला, सांगता येईना.

“सत्यवती, तू ह्यांना घासतेस कशानं?”

तिनं मोठ्या अभिमानानं टीव्हीवर दाखवतात ती पावडर आणली, आणि तारेची घासणी. रोज सकाळी, आठ वर्षं. “देखो, कैसा चमक रहे!”

चमकतायत खरे. मी तिला काही सांगितलं नाही. एवढ्या जिवानं केलं होतं तिनं. देव उपाशी मरतील म्हणालीस ना? उपाशी नाही मेले. लाडानं झिजले.

पत्रे माझ्याकडे आहेत. तुला काय बोलायचंय ते बोल. मी ऐकून घेईन. एकदाच.

कौसा

*

मलकपेठ
ता. ८ एप्रिल

इंदूस आशीर्वाद.

तुझं उत्तर आलं नाही. नामदेवनं एसटीडीवरून अरविंदला फोन केला, “तिनं दोन दिवस अन्न घेतलं नाही.” तिसऱ्या दिवशी घेतलं ना? मग झालं.

रडत बसून देवांना नाक येत नाही. मी सुलतान बाजारात गेले. तिथं लक्ष्मणराव म्हणून जुने मराठी सोनार आहेत, आजोबांपासून टाक करतात. लग्नाआधी देव उजळून आणायची रीत आहेच तुमच्यात. त्यांनी चारी पत्रे भिंगाखाली धरले, चष्मा काढला, परत घातला आणि म्हणाले, “बाई, ह्यात उजळायला काही उरलं नाही.”

मी म्हटलं, “चांदी हीच राहू द्या. ह्याच पत्र्यांवर पुन्हा उठवा.”

“होईल. लाखेवर बसवून परत नक्षी काढतो. माझ्याकडे नमुने आहेत. हा बघा खंडोबा.”

बघितला. “हा आमचा नव्हे.”

“बाई, खंडोबा सगळीकडे सारखाच.”

“आमच्या घोड्याची मान वाकडी होती. मागं वळून म्हाळसा नीट बसली का बघतोय, अशी. आणि खालच्या कुत्र्याची शेपटी घोड्याच्या पोटाला टेकलेली.”

लक्ष्मणरावांनी पाटी पुढे केली आणि म्हणाले, “सांगा.”

सांगितलं. तीन बुधवार जातेय. वीराच्या घोड्यानं पुढचा डावा पाय उचललाय, रिकीब एकच. बहिरोबाची डावी मिशी उजवीपेक्षा जाड. भवानीला आठ हात, पण करणाऱ्याला जागा पुरली नाही, म्हणून आठवा हात आखूड, बोटं तीनच. नथ पसरट. ते खडूनं काढतात, मी म्हणते “नाही”, ते पुसतात. एकदा मीच खडू घेऊन कुत्रा काढला. लक्ष्मणराव म्हणाले, “हा डुक्कर झाला, पण शेपटी समजली.”

तिसऱ्या बुधवारी त्यांनी हात जोडले मला. “केवढी भक्ती तुमची! डोळ्यांपुढं मूर्ती उभी आहे.”

मी म्हटलं, “भक्ती नाही हो. तेरा वर्षांची होते तेव्हा सासूनं काम नेमून दिलं, दर शुक्रवारी देव घासायचे. बत्तीस वर्षं घासले. रिठ्याच्या पाण्यानं, मऊ फडक्यानं. रोजचं भांडं कुठं चेपलंय हे घासणारीला कळतं.”

त्यांना ते पटलं नाही. मनातल्या मनात माझी समाधी बांधून मोकळे झाले.

पुढच्या आठवड्यात तयार होतील.

कौसा

*

मलकपेठ
ता. २१ एप्रिल

इंदू,

तुझं कार्ड मिळालं. वर ‘अक्का’ नाही, ‘थोरल्या बाईस’ आहे. ठीक आहे.

लिहितेस, “आमच्यापैकी कुणालाच मूर्ती एवढ्या बारकाईनं आठवत नाहीत. तुम्ही सांगितलं तेच रूप खरं कशावरून? भवानीची शपथ घेऊन लिहून द्या की हे आपलेच देव, चांदी तीच, रूप तेच. मग देवांनाही घरात घेईन आणि तुम्हालाही.”

म्हणजे आमंत्रण आलं. फक्त त्याच्या पुढं एक दार आहे.

अरविंदनं कार्ड वाचलं आणि म्हणाला, “आई, लिहून टाक की. तू मानतच नाहीस, मग तुझं काय जातंय?”

बघ, पोरगा शिकलेला आहे, पण बरोबर जागेवर चुकला. माझं काही जात नाही, तीच तर अडचण. मानणारी बाई खोटी शपथ घेईल तर निदान रात्री घाबरेल. मी मजेत झोपेन. मी भवानीची शपथ घेतली तर तुला वाटेल, केवढं वजन ठेवलं. आणि मी ठेवलेला असेल वारा. दुधात पाणी घालून तुला विकू? तेही शिवराजच्या लग्नात?

शिवाय जिची शपथ मागतेस, त्या बाईचं नाक मी परवाच लक्ष्मणरावांना सांगून जरा खाली घ्यायला लावलंय.

माझ्याकडे नुसता शब्द आहे. मागं कुणी उभं नाही त्याच्या. तीस वर्षं मला ओळखतेस. मी तुला टोचून बोलले. तुझं बाळंतपण झालं तेव्हा तुझा डिंकाचा लाडू खाल्ला आणि आळ मांजरावर घातला. फेब्रुवारीत लिहिलं की देव मजेत आहेत, ती लबाडी होती, महिन्याभरात कबूल केली. लाडवाचं आज करते. ह्याहून मोठं काही निघालं तर सांग.

चांदी तीच आहे. रूप तेच आहे, जिथं मला पक्कं आठवलं तिथं. बहिरोबाच्या कंबरपट्ट्याला किती घुंगरं होती ते आठवलं नाही. लक्ष्मणराव म्हणाले पाच करू. मी म्हटलं, आठवत नाही तर करू नका. तिथं कोरंच ठेवलंय. हे शपथेवाचून सांगते.

पटलं तर बोलाव. नाही पटलं तर देव कंडक्टरच्या हाती पाठवते, उतरवून घ्या. मी येणार नाही. शिवराजला सांग, मोठ्या आईचे गुडघे दुखतात. नको, ते खोटं होईल. सांग, तुझी आई आणि मोठी आई दोघी हट्टी आहेत. त्याला माहीत आहे.

कौसा

*

मलकपेठ
ता. २ मे

चि. सौ. इंदूस आशीर्वाद.

“शपथ नको अक्का. आठवत नाही तिथं कोरं ठेवलंत, ते वाचून नामदेवराव म्हणाले, खोटं बोलणाऱ्या बाईनं घुंगरं घातली असती. लवकर या, पापड लाटायचेत. लाडवाचं आल्यावर बघते.”

एवढंच पत्र, पण अरविंदकडून दोनदा वाचून घेतलं. माझा चष्मा जुना झालाय.

शनिवारी सकाळच्या बसनं निघतो, बिदरवरून. आम्ही दोघी आणि ते चौघं. दुसरी कोण म्हणशील तर सत्यवती. देवांनी आठ वर्षं तिच्या घरी खाल्लंय, लग्नात तिला बाहेरची म्हणून चालणार नाही. माझ्या वाटची साडी तिला नेसव. तिला मराठी कळतं, बोलता येत नाही, पण ती बोलायची थांबत नाही, त्यामुळे काही अडणार नाही. नवीन देव बघितल्यावर तिनं पहिलं काय विचारलं माहीत आहे? “इनो इत्ते मैले कैसे हो गये?” लक्ष्मणरावांनी खाचांत मुद्दाम काळपट ठेवलंय, नक्षी दिसायला. तिच्या पिशवीतली घासणी मी काढून घेतली आहे.

पापडाचं पीठ तू मळू नकोस. तुझ्या हाताला मीठ कमी.

कौसा

*

मलकपेठ
ता. २५ मे

इंदू,

सुखरूप पोचलो. सत्यवती बिदरपर्यंत रडली, पुढं झोपली. देव तुझ्याकडे राहिले, ते बरं झालं. हे मी स्वतःहून म्हटलं आणि तू दचकलीस. रीत थोरल्या घरची असेल, पण सांभाळायची हौस तुला आहे. माझा राग आठ वर्षं चालला, पुष्कळ झाला. घासणं शुक्रवारीच, रिठ्यानं. सुनेला शिकव.

सून चांगली आहे. मला विचारत होती, “मोठ्या आई, तुम्ही खरंच मानत नाही? मग भीती नाही वाटत?” मी म्हटलं, “तुझ्या सासूची वाटते, तेवढी पुरते.” हसली. टिकेल.

आता एक गोष्ट. तोंडावर बोलले असते तर तू नाही म्हणाली असतीस, म्हणून लिहून ठेवते.

गोंधळाच्या दिवशी देव मांडले आणि आरती सुरू झाली. माझी जागा मागच्या खांबाशी. विधवा, वर नास्तिक, दोन्ही बाजूंनी तीच जागा येते. हवा तिथंच चांगली लागते. कुणाचं तरी रडकं पोर माझ्या कडेवर दिलेलं, त्यामुळे हात जोडा म्हणायलाही कुणाला सोय नव्हती. सगळ्या मांडवानं डोळे मिटले. नामदेवनं, शिवराजनं, सत्यवतीनं तर घट्ट. मी नेहमीसारखी बघत होते. मांडवभर माणसं, आणि डोळे उघडे फक्त माझे, त्या पोराचे आणि पाटावरच्या चौघांचे.

आणि तुझे.

मी पाहिलं, इंदू. तू वाकून भवानीकडे बघत होतीस. आरतीचं ताट नामदेवच्या हातात, तुझे हात जोडलेले, आणि जोडलेल्या हातांतलं एक बोट काढून तू तिच्या आठव्या हाताला लावलंस. आखूड हाताला. एक, दोन, तीन बोटं मोजलीस. मग मान वर करून सरळ खांबाकडे बघितलंस, माझ्याकडे, आणि म्हणालीस. ढोलकीत ऐकू आलं नाही, पण तोंडावरून कळलं. “तीनच होती, अक्का.”

मग मिटलेस डोळे.

कौसा